सत्तेचाळिसावे तिकीट

इनिस गिल्क्रिस्टने त्या रविवारी खोटे बोलायचे मुळीच ठरवले नव्हते. तो फक्त 'हो' म्हणाला. आता 'हो' हा काही खोटारडा शब्द नव्हे. लग्नात सुद्धा तोच म्हणावा लागतो (आणि पुढचे सगळे त्यातूनच उद्भवते).

झाले असे, की पिटनार्डी गावाच्या धक्क्यावर डुगल आपली लाकडी पेटी मांडून तिकिटे फाडत बसला होता. इंचफिलन बेटावरच्या जुन्या मठाकडे जाणारी बोट अकराला सुटते आणि चारला परत निघते. जूनच्या पहिल्या रविवारी इनिस त्या बोटीवर नाही असे गेल्या नऊ वर्षांत झाले नव्हते. नऊ वर्षांत डुगलने त्याचे नाव विचारले नव्हते आणि इनिसला ते सांगावेसे वाटले नव्हते. फाइफच्या किनाऱ्यावर याला जुनी ओळख म्हणतात.

"नेहमीचे दोन ना?" डुगलने मान वर न करता विचारले.

इनिसला 'एक' म्हणायचे होते. घरून निघताना त्याने आरशासमोर तीनदा म्हणूनही पाहिले होते आणि तिन्ही वेळा बरे जमले होते. पण इथे 'एक' म्हटले की डुगल मान वर करणार, बाई का नाही आल्या म्हणून विचारणार, आणि मग ऊना गेल्या ऑगस्टमध्ये वारली हे सांगावे लागणार. हे वाक्य त्याने अजून एकदाही उच्चारले नव्हते. डॉक्टर बोलले होते, पाद्री बोलले होते, वर्तमानपत्रात दोन ओळी आल्या होत्या. त्यामुळे त्याच्या वाट्याला ते वाक्य आलेच नाही आणि दहा महिने त्याने ते शिताफीने चुकवले. आता मागे रांग उभी होती, डुगलचा अंगठा तिकिटांवर होता, आणि इनिस 'हो' म्हणून मोकळा झाला.

"कुठायत बाई?" डुगलने दोन तिकिटे फाडत सहज विचारले.

"येतेय मागून."

एक खोटे पचवायला दुसरे लागते, तसे हे दुसरे. पण ते इतके सफाईने निघाले की इनिसने स्वतःच क्षणभर मागे वळून पाहिले.

बोटीवर डाव्या हाताला, कठड्यालगतची दुसरी जोडी ही त्यांची जागा. इनिस आतल्या बाजूला बसला आणि कठड्याकडच्या जागेवर त्याने आपली टोपी ठेवली. हे त्याने विचार करून केले असे नाही. बूट काढले की ते दाराशी ठेवावेत, तशी ती टोपी तिथे गेली.

बोट भरत आली तेव्हा एफी डालगार्नो नावाच्या बाई त्याच्यासमोर येऊन उभ्या राहिल्या. वय चौऱ्याहत्तर, बांधा दणकट, गुडघे मात्र संपावर गेलेले. तीस वर्षे त्यांनी शाळेच्या स्वयंपाकघरात डाव चालवला होता आणि त्यांच्यापुढे मुख्याध्यापक सुद्धा ताट पुढे करून गुमान उभे राहत. त्यांनी टोपीकडे बोट दाखवून विचारले, इथे कोणी आहे का.

"माझी बायको," इनिस म्हणाला.

यात खोटे किती आणि खरे किती हे त्याचे त्यालाही सांगता आले नसते. एफीबाई शेजारच्या दोरखंडाच्या वेटोळ्यावर टेकल्या, आणि चाळीस मिनिटांच्या प्रवासात त्यांनी समुद्राकडे कमी आणि त्या टोपीकडे जास्त पाहिले. एक टोपी आरामात बसून सील मासे बघते आहे आणि आपण दोरावर, हे त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट वाचता येत होते.

यंदा गाइड नवी होती. मॉर्व्हेन तिचे नाव, आणि उत्साह असा की बेट दिसायच्या आतच तिने मठाची तीनशे वर्षे संपवली. कुठला राजा वादळात इथे अडकला, साधूंनी त्याला काय खायला घातले, चाच्यांनी घंटा कशी पळवली, हे इनिसला तोंडपाठ होते. पण नऊ वर्षे हा इतिहास त्याने ऊनाच्या दुरुस्त्यांसह ऐकला होता. गाइडने साल सांगितले की ऊना त्याच्या कानाशी लागून म्हणायची, चूक, वीस वर्षांनी चूक. साधू मौन पाळत आणि जेवताना मासे हवे असले तर हातांनी खूण करत, असे गाइड म्हणाली की ऊना त्याच्या बरगडीत कोपर मारून म्हणायची, तुझ्याच घराण्यातले दिसतात. मॉर्व्हेनने ते साल सांगितले, चुकीचेच सांगितले, आणि इनिसने सवयीने मान डावीकडे वळवली. तिथे टोपी होती. तिला त्यातले काही वावगे वाटले नाही.

बेटावर त्याने नेहमीसारखे सगळे पाहिले. पाहिले म्हणजे सगळ्यांच्या मागून चालला. मठाचे छप्पर केव्हाच गेले आहे, पण मधला चौक आणि भोवतालची कमानींची पडवी अजून शाबूत आहे. तिथल्या दगडी बाकावर बसून त्याने अंड्याची सँडविचेस खाल्ली. दोघांची केली होती, म्हणून दोघांची खाल्ली. (अन्न टाकलेले ऊनाला खपत नसे.) मग त्याच्या पोटात दुखू लागले आणि ते कशामुळे, यावर विचार करण्यात त्याचा एक तास बरा गेला.

आता डुगलची माणसे मोजायची पद्धत सांगायला हवी, कारण सगळे रामायण तिथेच घडले. जाताना डुगल कुणालाच मोजत नाही. त्याचे म्हणणे, जाताना जो चुकतो तो गावात राहतो, त्याची काळजी त्याची बायको करील. येताना चुकला तर तो बेटावर राहतो, आणि बेटावर रात्री पक्ष्यांशिवाय कोणी नसते. म्हणून परतीला तो बोटीवर चढायच्या फळीच्या तोंडाशी पाटी घेऊन उभा राहतो. पाटीवर विकलेल्या तिकिटांचा आकडा, आणि बोटीवर चढलेल्या डोक्यांचा आकडा त्याला जुळला नाही तर बोट हलत नाही. समोर कप्तान असो नाहीतर बिशप, बोट हलत नाही.

चार वाजता पाटीवर सत्तेचाळीस होते आणि बोटीवर सेहेचाळीस. डुगलने पुन्हा मोजले. मग उलट्या बाजूने मोजले. इनिस आपल्या जागेवर बसून घामाने भिजला होता. त्याला सगळे कळले होते. उठून दोन पावले जायचे, डुगलच्या कानात सांगायचे, की संपले. तो उठलाही असता, पण तेवढ्यात मॉर्व्हेनने ध्वनिक्षेपक उचलला आणि प्रत्येकाने आपापले माणूस शेजारी आहे का ते पाहावे अशी विनंती केली. सेहेचाळीस माना वळल्या. आणि एफीबाईंचे बोट सरळ टोपीवर आले.

"यांची बायको कुठंय?" त्या म्हणाल्या. "सकाळपासून जागा अडवून ठेवलीय, पण बाई काही मी पाहिली नाही."

सगळी बोट इनिसकडे पाहू लागली. त्याने तोंड उघडले. वाक्य अगदी ओठांवर होते. पण इतक्या लोकांसमोर, ध्वनिक्षेपक चालू असताना, ते बाहेर येईना.

"असेल इथंच कुठंतरी," तो पुटपुटला.

मॉर्व्हेनने लगेच वही काढली. तिने विचारले, नाव काय, उंची किती, अंगावर काय होते, शेवटचे कुठे पाहिले. इथे इनिसचा पुरता घात झाला. कारण त्याने एका बस कंपनीच्या हरवलेल्या वस्तूंच्या खात्यात एकोणचाळीस वर्षे काढली होती आणि हेच प्रश्न, याच क्रमाने, त्याने हजारो छत्र्यांबद्दल विचारले होते. एकोणचाळीस वर्षांत अशा प्रश्नांना अर्धवट उत्तर देणाऱ्यांचा त्याला मनापासून राग येई. त्यामुळे त्याने व्यवस्थित उत्तरे दिली. नाव ऊना. उंची पाच फूट एक. मोहरीच्या फुलासारखा पिवळा कोट, वरचे बटण वेगळे, काळे. (तो कोट घरी दारामागे होता. तो काढून ठेवायचा कुठे, हे त्याला सुचले नव्हते.) केस पांढरे, आखूड. डाव्या भुवईवर सायकलवरून पडल्याची खूण. हसते तेव्हा आधी डोळे हसतात, तोंड मागून येते. मॉर्व्हेनने हेही लिहून घेतले.

"आणि शेवटचं कुठं पाहिलंत, काका?"

इनिसने टोपी उचलून मांडीवर घेतली. मग म्हणाला, "खिडकीजवळ."

मठाला खिडक्या बहात्तर. मॉर्व्हेनने लोकांचे चार गट केले आणि सगळे खाली उतरले.

त्यानंतरचा पाऊण तास इनिसला पुढे कधीच नीट सांगता आला नाही. लोक बुरुजावर चढले, तळघरात उतरले, किनाऱ्याने पांगले, आणि सगळे एकच हाक मारू लागले. "ऊना! ऊना!" घरटी केलेले पक्षी चवताळून उठले आणि लोकांच्या टोप्यांवर आपले मत नोंदवू लागले, तरी कोणी मागे हटले नाही. डंडीहून आलेल्या एका बाईंचे जाकीट दुर्दैवाने पिवळे होते. त्यांना वेगवेगळ्या गटांनी तीन वेळा शोधून काढले आणि एकदा तर दोन्ही बाजूंनी आधार देत धक्क्यापर्यंत आणून सोडले.

इनिस चौकात उभा होता. त्याने हे सगळे थांबवायला हवे होते. ते त्याला कळत होते, आणि लाजही वाटत होती. पण दहा महिन्यांत त्याने ते नाव कुणाच्या तोंडून ऐकले नव्हते. मेहुणी फोनवर 'ती' म्हणे. पाद्री 'तुमच्या दिवंगत पत्नी' म्हणत. शेजारी तर हवेवरच बोलत. दहा महिने त्याच्या गल्लीत हवेची जेवढी चर्चा झाली तेवढी वेधशाळेत होत नसेल. आणि इथे पंचेचाळीस अनोळखी माणसे, घसा फोडून, जणू ती वळून 'काय आहे?' म्हणणारच अशा खात्रीने तिला हाका मारत होती. कमानींतून ते नाव घुमून परत येत होते. इनिसने डोळे मिटून घेतले. अजून एकदाच, मग सांगतो, असे तो स्वतःशी म्हणाला. असे तो सात-आठ वेळा म्हणाला.

शेवटी त्याला डुगल दिसला, बोटीतल्या रेडिओकडे धावत निघालेला. जीवरक्षकांची बोट बोलवायची वेळ आली होती. आणि त्याच वेळी खाली खडकांवर त्याला एफीबाई दिसल्या. घोट्यापर्यंत पाण्यात, एका हातात बूट, आणि ते संपावर गेलेले गुडघे घेऊन त्या कपारीत वाकून पाहत होत्या. इनिस धडपडत खाली गेला. त्याला पाहताच त्यांनी त्याचा दंड घट्ट धरला.

"अहो, पाण्यात तर गेली नसेल ना?" त्यांचा आवाज चिरकला होता. "मी उगीच टोचून बोलले मघाशी."

"नाही," इनिस म्हणाला. "ती वारली."

ते वाक्य निघाले. फार लहान होते. इतके दिवस त्याला वाटत होते की ते मोठे असेल.

"कधी?"

"ऑगस्टमध्ये. घरीच. खिडकीजवळच्या पलंगावर."

एफीबाईंनी त्याच्याकडे पाहिले. मग बेटाकडे पाहिले. तिथे अजून चारी दिशांनी हाका चालल्या होत्या.

"मग मी तासभर काय ओरडत होते?"

"तिचं नाव."

"आणि तुम्ही थांबवलं नाहीत?"

"ऐकायला बरं वाटत होतं," इनिस म्हणाला आणि त्याच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागले.

एफीबाई खडकावर बसल्या. त्यांनी एक मोजा काढून पिळला, मग दुसरा पिळला. मग म्हणाल्या, "माझा मेला तेव्हा मी वर्षभर दोन कप चहा करत होते. पण बोटभर लोकांना प्यायला नाही बसवलं हो." आणि त्या उठून डुगलला थांबवायला गेल्या.

बातमी पाच मिनिटांत बेटभर झाली. लोक रागावतील अशी इनिसची खात्री होती, किंबहुना तशी आशा होती. चार शिव्या खाल्ल्या असत्या की हिशेब मिटला असता. पण कोणी रागावेना. जो तो येऊन खांदा थोपटू लागला. एकाने शॉर्टब्रेडचे बिस्किट दिले. तीन वेळा सापडलेल्या डंडीच्या बाईंनी त्याला मिठीच मारली आणि आपल्याला अगदी थोडा वेळ का होईना ऊना होता आले असे म्हणून त्या स्वतःच रडू लागल्या. पंचेचाळीस माणसांची माया एकदम अंगावर आली, आणि इनिस गिल्क्रिस्टसारख्या माणसाला ती झेपणारी नव्हती. तो हळूच मागे सरकला आणि मठाच्या पाठीमागे असलेल्या संडासात जाऊन त्याने आतून कडी लावली. (हा संडास साधूंच्या काळचा नव्हे, अलीकडचा. पण शांतता तीच.) तिथे त्याने पोटभर रडून घेतले.

इकडे फळीच्या तोंडाशी डुगल पाटी घेऊन उभा होता. बाई मुळात आलीच नव्हती हे कळताच त्याने सत्तेचाळीस पुसून सेहेचाळीस लिहिले. थोड्या वेळाने मॉर्व्हेन आली आणि हळू आवाजात म्हणाली, एक कमी कर. डुगलने मान डोलावली, सेहेचाळीस पुसले आणि पंचेचाळीस लिहिले. दुःखाच्या प्रसंगी माणसाने जास्त प्रश्न विचारू नयेत, एवढी रीत त्याला कळत होती. बोटीवर पंचेचाळीस डोकी चढली. त्या दिवशी पहिल्यांदाच आकडा जुळला, आणि बोट सुटली.

इनिस तोंड धुऊन धक्क्यावर आला तेव्हा बोट दोनशे हात लांब गेली होती.

त्याने हाक मारली नाही. हाक मारायची सवय त्याला नव्हतीच. तो विभाग ऊनाचा होता. एकदा तो पोस्टकार्ड निवडत बसला होता, तर तिने एक पाय बोटीवर आणि एक धक्क्यावर ठेवून दहा मिनिटे सगळी बोट रोखून धरली होती. कप्तान ओरडत होता आणि ती म्हणत होती, माझा माणूस आल्याशिवाय हा पाय उचलणार नाही. आज पाय रोवायला कोणी नव्हते. आपण सकाळी दोन होतो, मघाशी एक झालो आणि आता भोपळा, हे इनिसच्या लक्षात आले. आपण मागे राहिलो तर ज्याला कळेल असे माणूस जगात उरलेले नाही, हे त्याला दहा महिने कळत होते. पण ते असे डोळ्यांसमोर, इंजिनाच्या आवाजासकट, लांब जाताना त्याने पाहिले नव्हते. तो धक्क्यावर बसला. फार एकटे वाटले त्याला, इतके की पक्षी सुद्धा त्याला ओरडेनासे झाले.

मग बोट हळूहळू वळू लागली.

ती वळवण्यामागे एफीबाई होत्या. परतीला तरी हक्काची जागा मिळेल म्हणून त्या कठड्याजवळ गेल्या, तर तिथे एक सोडून दोन जागा रिकाम्या. त्यांनी थेट कप्तानाची बाही धरली. पुढे काय बोलणे झाले ते कप्तानाने कुणाला सांगितले नाही, पण बोट फिरली एवढे खरे. आता अडचण अशी झाली, की हाक काय मारायची. या माणसाचे नाव कुणालाच माहीत नव्हते. मॉर्व्हेनच्या वहीत बायकोच्या भुवईवरची खूण होती, पण नवऱ्याचे नाव नव्हते. डुगल नऊ वर्षांच्या ओळखीवर डोके खाजवत राहिला. आणि मग पंचेचाळीस जणांनी कठड्याशी येऊन, आधीच बसलेल्या घशांनी, जे नाव माहीत होते तेच धरून हाक मारली.

"अहो ऊनाचे नवरे! अहो ऊनाचे नवरे!"

पाण्यावरून ती हाक आली आणि इनिस उठून उभा राहिला. गिल्क्रिस्ट हे आडनाव त्याने एकाहत्तर वर्षे लावले होते, पण आजवर इतक्या तत्परतेने त्याने कशालाच ओ दिली नव्हती.

"ओ," तो म्हणाला. मग मोठ्याने म्हणाला, "ओ! इकडे आहे मी!"

बोट लागली. फळी पडली. डुगलने पाटी पुसली आणि पेन्सिल ओली करून त्याच्याकडे पाहिले. नऊ वर्षांत प्रथमच त्याने मान वर करून इनिसच्या चेहऱ्याकडे नीट पाहिले.

"किती?" त्याने विचारले. "आता नक्की सांगा, बाबा. माझ्या पाटीवर जागा उरली नाही."

इनिसने श्वास घेतला. सगळी बोट ऐकत होती.

"एक," तो म्हणाला.

डुगल लिहिणार, एवढ्यात वरून एफीबाईंनी त्याला थांबवले. इनिसचे ओले तोंड, शर्टाची उलटीसुलटी लागलेली बटणे आणि हातातले न खाल्लेले शॉर्टब्रेड त्यांनी एकदा नजरेखालून घातले.

"पाऊण लिहा," त्या म्हणाल्या. "एक व्हायला वेळ आहे अजून."